पालटीच्या गाठी

दिवाळी अंकासाठी लिहा असे संपादकांनी सांगितले, तेव्हा त्यांना गमतीदार किस्से हवे होते. पालटीच्या कामात किस्से भरपूर असतात. बसून चार-पाच लिहूनही काढले. पण प्रत्येक किस्सा वाचताना कळसचे एक तळे आठवत राहिले, आणि ते वगळून लिहिलेले सगळे मला खोटे वाटू लागले. म्हणून आधी थोडे कामाबद्दल सांगतो आणि मग त्या तळ्याकडे येतो.

पालटी ज्यांनी पाहिलेली नाही त्यांच्यासाठी. आमच्या बारामती-इंदापूर भागात डाळिंब, पेरू, द्राक्ष, भाजीपाला करणाऱ्याच्या रानात एक शेततळे असते. कालव्याचे आवर्तन आले की ते भरून घ्यायचे आणि पुढचे आवर्तन येईपर्यंत पुरवायचे. पाणी जमिनीत मुरू नये म्हणून तळाला आणि उतारांना प्लॅस्टिकचे जाड अस्तर असते, त्याला सगळे ‘कागद’ म्हणतात. कागद उन्हाने कडक होतो, घुशी कुरतडतात, कुत्र्यांची नखे लागतात. पालटी हे त्या कागदाच्या जागी आलेले जिवंत अस्तर. दिसायला भिजलेल्या चामड्यासारखी, रंग राखाडी-हिरवट, वास ओल्या गोणपाटाचा. ती वनस्पती की प्राणी, यावर आमच्याकडचे शास्त्रज्ञ अजून एकमेकांशी नीट बोलत नाहीत. कागदोपत्री तिचे नाव अनुरूपी. शेतकऱ्यांनी तिला पालटी म्हटले आणि तेच टिकले.

तिचा गुण एकच. भोवताली जे घडत राहते त्याप्रमाणे ती आपला आकार, जाडी आणि पोत पालटते. पाणी खारट झाले की कातडी जाड करते, तळे आटले की आक्रसून ओल धरून ठेवते. एकदाच घडलेल्या गोष्टीकडे ती लक्ष देत नाही. पुन्हा पुन्हा घडते त्यालाच ती आपला परिसर मानते. हे वाक्य मी नव्या मुलामुलींना शिकवताना फळ्यावर लिहीत असे. त्याचा अर्थ मला पुरता कळला नव्हता, हे पुढे येईलच.

पालटी वाढवून देणाऱ्या केंद्रात माझे काम तिला वळण लावण्याचे. रोपवाटिकेत वाढलेली पालटी ओल्या गोधडीसारखी गुंडाळून ट्रॉलीतून रानात न्यायची, कोरड्या तळ्यात अंथरायची आणि तिथल्या पाण्याची सवय लावायची. एकदम पाणी सोडले तर ती रुसते, कडा गुंडाळून घेते आणि चार दिवस उघडत नाही. म्हणून रोपवाटिकेतल्या पाण्याचे पिंप बरोबर न्यायचे आणि त्यात शेतकऱ्याच्या विहिरीचे पाणी थोडे थोडे वाढवत जायचे. त्या पिंपाला आम्ही माहेरचे पाणी म्हणतो. हे नाव कुणी ठेवले माहीत नाही, पण ते ऐकले की घरातल्या बायका ट्रॉलीपुढे येतात, गुंडाळीला हळदीकुंकू लावतात, कुणी खणही ठेवते. मी हात जोडून उभा राहत असे. पहिल्या वर्षी मला याचे हसू यायचे, नंतर हळदीकुंकू नसले तर चुकल्यासारखे वाटू लागले.

वळण लागल्यावर अधूनमधून ताण द्यावा लागतो. डाळिंब लावणाऱ्याला हे समजावून सांगावे लागत नाही. बहार धरायचा तर झाडाचे पाणी तोडून ताण द्यायचा, हे तो जाणतोच. पालटीचेही तसेच आहे. सदा भरलेल्या तळ्यात ती सुस्तावते आणि पालटायचे विसरते.

आता एक किस्सा. कऱ्हाटी हा बारामती तालुक्यातला कमी पावसाचा भाग. तिथे बँकेतून निवृत्त झालेले एक गृहस्थ सीताफळाची बाग करतात, त्यांना सगळे आबा म्हणतात. आबांचा एका उन्हाळ्यात सकाळीच फोन आला.

“साहेब, तुमची पालटी झाकण घालून बसलीय. आमी पाणी काढायचं कुठनं?”

जाऊन पाहिले तर खरेच. दुधावर साय धरावी तशी पालटीने चारी काठांकडून पातळ पापुद्रे आत वाढवले होते आणि ते मधोमध येऊन भिडले होते. पाण्याचा थेंब दिसत नव्हता. वारा आणि ऊन पाणी उडवून नेतात, म्हणून तिने तळेच झाकून घेतले होते. मला इतका आनंद झाला की मी आबांचा हात धरून हलवला. आबा म्हणाले, कौतुक नंतर करा, आधी मोटरचा पाईप आत कसा सोडायचा ते सांगा. शेवटी मोटरीच्या बाजूला तिला एक भोक ठेवायची सवय लावली. त्या उन्हाळ्यात आजूबाजूची तळी आटली आणि आबांचे टिकले. तरी अजून भेटले की ते म्हणतात, तुमच्या पालटीने मला माझ्याच तळ्यातल्या पाण्याची चोरी करायला लावली.

इंदापूरला हायवेच्या कडेला एक रोपवाटिका आहे. तिथल्या लहान तळ्यातली पालटी रात्रंदिवस मालट्रकांच्या हादऱ्याने बारीक बारीक चुण्यांची झाली. मालकीणबाई म्हणाल्या, माझ्या कपाळासारखीच झाली की ही. अशा गोष्टी सांगून मी लग्नाकार्यात लोकांना हसवत आलो आहे. कामाचा अभिमान होता आणि अजून पूर्ण गेलेला नाही.

पण आमच्या कामातला मोठा भाग कुणाला सांगण्यासारखा नव्हता. तो म्हणजे सपाटणी. पालटीला कुठेकुठे गाठी येतात. उतारावर, पाण्याच्या रेषेच्या वर-खाली, जाड आणि टणक गाठी. एका तळ्यात अशा गाठीपासून अस्तर उकलले आणि पाणी गेले, तेव्हापासून नियम झाला की गाठ म्हणजे रोगाची सुरुवात. तळहाताएवढी झाली की कापायची, जागा घासून सपाट करायची, चुन्याची निवळी लावायची. सपाटणीत माझा हात चांगला होता. मी सपाट केलेल्या उतारावर बोट फिरवले तर गाठ कुठे होती ते कळत नसे. नव्या लोकांना मी गाठ शोधायची युक्ती शिकवत असे. तळ्याभोवती पाऊलवाटा असतात, त्यांच्यामागून जा, वाट जिथे काठाला टेकते तिथे गाठ सापडणारच. कारण विचारले तर सांगायचो की माणसांच्या आणि जनावरांच्या पायांबरोबर रोगट माती येते, तिथून लागण होते. सगळ्यांना ते पटत होते. मला तर ते माझ्या निरीक्षणाचे फळ वाटत होते.

आणखी एक नियम होता. कागदाच्या तळ्यात लोक काठाला खुंटी ठोकून गाठी मारलेला दोर आत सोडतात, कारण ओल्या कागदावरून माणूस घसरला तर स्वतः वर येऊ शकत नाही. शेततळ्यांत माणसे अशीच जातात. पालटीच्या तळ्याला मात्र आम्ही खुंट्या आणि दोर काढायला लावत असू. खुंटीने भोक पडते, दोर घासून ओरखडे येतात. काठाला कुंपण घाला आणि आत उतरू नका, एवढे सांगून आम्ही निघत असू. रानातला माणूस तळ्यात उतरणारच, हे शेतकऱ्याच्या घरात जन्मलेल्या मला कळायला हवे होते.

कळस हे इंदापूर तालुक्यातले गाव. तिथे भानुदासतात्यांचे पेरू आणि डाळिंब आहे. मुलगा बारामतीला नोकरी करतो, शेती पाहते ती सून, रोहिणी. फवारणीपासून बाजारापर्यंत सगळे तिच्याकडे. तात्यांचे वय झालेले, हातांची बोटे संधिवाताने वाकडी. त्यांच्याकडे एकच काम उरले होते आणि ते त्यांनी कुणाला दिले नाही. मोटरच्या पाईपाच्या पाण्यातल्या टोकाला जाळीचा फुटवॉल असतो. त्याला शेवाळ धरले की पाणी ओढत नाही. तात्या रोज संध्याकाळी काठावरून उतरून कमरेएवढ्या पाण्यात जात, पायाने पाईप वर घेत आणि जाळी पंजाने घासत. रोहिणी नको म्हणायची. तात्या म्हणायचे, एवढं बी काढून घेतलं तर मी खाटंवर बसून काय तुझी वाट बघू.

त्यांच्या तळ्यातल्या पालटीला पाईपाशेजारी, एकाखाली एक अशा दोन गाठी आल्या. मी कापल्या. पुढच्या खेपेला तिथेच पुन्हा आल्या. पुन्हा कापल्या. एवढी चिवट गाठ मी कुठे पाहिली नव्हती, त्यामुळे मी दर महिन्याला जाऊ लागलो. एकदा रोहिणी कामातून उठून काठावर आली आणि तिने विचारले की कापताना पालटीला दुखत असेल का. मी म्हटले, दुखण्यासाठी जे लागते ते तिच्यात नाही. हे मला कुणी सांगितले नव्हते. मला दुसरे काही वाटून घ्यायचे नव्हते, म्हणून मी ते बोललो.

गेल्या वर्षीच्या उन्हाळ्यात एका सकाळी मी पुन्हा सपाटणीला गेलो. आवर्तन नुकतेच येऊन गेले होते, काठाखालचा दोन हात उतार सोडला तर तळे भरले होते. या वेळी जागा अगदी मुळापासून घासायची असे ठरवून आलो होतो. तात्या बांधावर बसून बघत होते. मी गाठी कापल्या, उतार घासला, निवळी लावली, आणि काम कसे झाले ते पाहायला एक पाऊल मागे सरकलो. रबरी बुटांखाली काहीच लागले नाही. मी पाण्यात गेलो.

मला पोहता येते, त्यामुळे बुडण्याची भीती लगेच वाटली नाही. काठाला आलो, हात टेकला, तो सरकला. गुडघा टेकला, तोही सरकला. बोटे रुतवायला फट नाही, खाच नाही. मी स्वतः ती ठेवली नव्हती. बुटांत पाणी भरून पाय जड झाले होते आणि ते काढता येत नव्हते. तीन-चारदा धडपडल्यावर दम गेला आणि मी मोटरच्या पाईपाला मिठी मारली. तोही शेवाळलेला.

तात्या उठून काठाशी आले. वाकड्या बोटांनी मला ओढता येणार नाही हे त्यांना आणि मला एकदमच कळले. त्यांनी डाळिंबाच्या बाजूला तोंड करून रोहिणीला हाक मारली, मग दुसरी मारली, आणि ती येईपर्यंत काठावर उकिडवे बसून माझ्याशी बोलत राहिले.

“पाईप हळू धरा साहेब. फुटवॉल निसटला तर मला घालाय यायचा न्हाय.”

मी मिठी थोडी सैल केली.

“सपाट मातुर झालंय झ्याक,” ते म्हणाले. “माशी बसली तरी घसरंल.”

आज वाटते, मी भिऊ नये म्हणून ते बोलत होते. तेव्हा मला फक्त त्यांचे अनवाणी पाय दिसत होते, माझ्या डोळ्यांच्या समोर, काठावर.

रोहिणी छोटा ट्रॅक्टर घेऊनच आली. बैलाचा जुना कासरा तिने मागच्या हुकाला बांधला, दुसऱ्या टोकाला फास करून माझ्याकडे टाकला, काखेतून घ्या म्हणाली, आणि ट्रॅक्टर हळू पुढे घेतला. विहिरीतून मोटर काढावी तसा मी पोटावर घसटत वर आलो. माझ्या हाताला खरचटले नाही की अंगाला काही लागले नाही, इतका तो उतार गुळगुळीत होता.

ओसरीवर चहा झाला. माझे कपडे वाळत होते आणि मी तात्यांच्या धोतरात बसलो होतो. तात्यांनी विषय काढला नाही, मीच काढला. विचारले की ते रोज कुठून उतरतात.

“हितनंच की, पाईपापाशी,” तात्या म्हणाले. “पयला पाय वरच्या गाठीवर, दुसरा खालच्या. येताना उलटं. माझ्या पावलाच्या मापानंच दिल्या व्हत्या तिनं.”

“मग मला आधी का नाही सांगितलंत?”

“सांगितलं व्हतं. तुमी म्हणाला, रोग हाय.”

मला ते आठवले. खरेच सांगितले होते. पहिल्याच खेपेला, मी विळा काढत असताना, तात्या म्हणाले होते की असू द्या, पायाला बरं पडतं. आणि मी हसून रोगट मातीचे सगळे समजावून सांगितले होते. ते तसेच ऐकून घेत राहिले होते.

रोहिणी म्हणाली, “आमाला वाटलं, तुमाला ठाऊक असंल. ठाऊक असून कापताय म्हणजे काय तरी कारण असंल.” तिच्या बोलण्यात टोमणा नव्हता. असता तर बरे झाले असते.

त्या दिवशी घरी परतताना आणि नंतर कित्येक दिवस मी मनातल्या मनात सगळ्या तळ्यांभोवती फिरत होतो. वाट जिथे काठाला टेकते तिथे गाठ. बायका धुणे धुतात तिथे रुंद, बसकी गाठ. शेळ्या पाण्याला येतात तिथे बारीक, जवळजवळच्या. मोटरीच्या पाईपाशेजारी दोन, एकाखाली एक. हे सगळे मला पाठ होते. दुसऱ्यांना शिकवत होतो. आणि त्या पायऱ्या आहेत हे मला एकदाही सुचले नाही. पायांनी रोग येतो एवढेच सुचले. ज्या तळ्यात गाठीपासून पाणी गेले तिथेही, आता विचारल्यावर कळते की, कागदाच्या सवयीने कुणीतरी शेजारी खुंटी ठोकली होती.

माझ्या तळ्यांत कुणी माणूस बुडाले नाही. हे मी एकेका घरी जाऊन विचारले. विचारताना प्रत्येक दारात उत्तर येईपर्यंत जे वाटायचे ते इथे लिहीत नाही. कऱ्हाटीच्या आबांची एक कालवड मात्र गेली होती. तेव्हा मी भेटायलाही गेलो होतो आणि कुंपण नीट नव्हते असे म्हणून आलो होतो. या वेळी मी आबांना सांगितले की त्याच्या आठवडाभर आधी मी तिथली गाठ काढली होती. आबांनी गोठ्याकडे पाहिले. मग म्हणाले, “ती तिथनंच प्यायची.” एवढेच. झाकणाचा विनोद त्यांनी त्या दिवशी केला नाही.

केंद्राच्या प्रमुख बाईंना मी सगळे सांगितले. त्या शांतपणे ऐकणाऱ्या आहेत. त्यांचे म्हणणे पडले की हे खरे असू शकते, पण गाठ पाणी सोडते की नाही हे तपासल्याशिवाय नियम बदलता येणार नाही. तोवर खुंटी न ठोकता, लांबच्या झाडाला बांधून, सगळीकडे दोर सोडायला त्यांनी मान्यता दिली आणि कळसच्या तळ्यापुरती सपाटणी थांबवली. दोर मी स्वतः बांधत फिरलो. पण तात्यांच्या बोटांना दोर धरता येत नव्हता. त्यांना पायरीच हवी होती, आणि ती परत येईल याची मला खात्री होती. इतक्यांदा कापूनही आली होती. आता तर कुणी कापणार नव्हते.

ती आली नाही. आवर्तन येऊन गेले, पाऊसकाळ सरला, तरी तो उतार सपाटच. हात लावून पाहिला तर बाकीच्या पालटीपेक्षा टणक आणि चकचकीत लागला. मी आठवड्याला जाऊ लागलो. तात्यांच्या जागी बसून पाय पाण्यात सोडायचो, तिला पुन्हा पावलांची सवय व्हावी म्हणून. काही होत नव्हते. तात्यांचे उतरणे रोहिणीने बंद केले होते. म्हणजे तिने फुटवॉल घासायचे काम स्वतःकडे घेतले होते आणि तात्या खाटेवर तोंड फिरवून पडलेले असत. जेवण कमी झाले होते. रोहिणी मला म्हणाली, “भाऊ, तळ्यात पडतील म्हणून मी त्यांना वाचवलं, पर हे असं बघवत न्हाय.”

मग एकदा मी काठाशी बसलो असताना तात्या उठून बांधापर्यंत आले. बऱ्याच दिवसांनी आले होते. तळ्याकडे बघत उभे राहिले आणि म्हणाले, “तुमी आला की ती अंग चोरती. बघितलं का?”

मी पाहिले नव्हते. त्यांनी मला उठायला सांगितले, पार घरापर्यंत जाऊन परत यायला सांगितले. मी गेलो आणि आलो. बांधावर माझा पाय पडला तसा पाईपाशेजारचा तेवढाच पट्टा ढोलकीच्या पानासारखा ताणला गेला. पाण्यावर बारीक लहर उठली. रोहिणी म्हणाली, मला हे ठाऊक आहे, तुमची गाडी उभी राहून तुम्ही चालत आलात की असे होते, मी आले तर होत नाही. आम्ही पुन्हा करून पाहिले. बूट काढून चाललो, दुसऱ्या बाजूने आलो. ती प्रत्येक वेळी ताणली गेली. चाल बूट काढून बदलत नाही.

फळ्यावरचे वाक्य मला तिथे उभ्या उभ्या समजले. तिच्या परिसरात ऊन होते, खारे पाणी होते, आवर्तन होते, तात्यांचे पाय होते. आणि मी होतो. महिन्याच्या महिन्याला, त्याच जागी, विळा घेऊन. इतकी वर्षे मी स्वतःला तिच्या बाहेरचा समजत होतो. तिने मला पाण्याइतकेच आत धरले होते आणि माझ्याप्रमाणे ती पालटली होती. मी दर आठवड्याला जाऊन बसत होतो, तेव्हा तिला तात्यांच्या पावलांची आठवण करून देत नव्हतो. कापणारा अजून येतो, एवढेच सांगत होतो.

काय करायचे ते उघड होते, पण तोंडातून निघायला वेळ लागला. मी रोहिणीला सांगितले की तात्यांना रोज उतरू दे. कासरा कमरेला बांध, टोक ट्रॅक्टरला, तू जवळ थांब. दोन पाय त्याच दोन जागी टेकवायचे, घसरले तरी पुन्हा टेकवायचे. आणि मी येणार नाही.

तात्या म्हणाले, “म्हंजे मला बैलावानी दावं लावून पाण्याला न्यायची ही.”

रोहिणी म्हणाली, “तुमी बैल असता तर निदान ऐकलं असतं.”

दोघांत असा वाद पुष्कळ दिवसांनी झाला असावा. मी गाडीकडे निघालो.

बाकीच्या तळ्यांचेही मी असेच केले. ज्या तळ्यांवर माझा हात फिरला होता ती सगळी दुसऱ्यांकडे द्यायला सांगितली, आणि त्यांनी तिथे विळा नेऊ नये यासाठी बाईंच्या मागे लागलो. तपासणी अजून चालू आहे. मी आता इंदापूरच्या कार्यालयात बसतो. खिडकीखाली बसगाड्या वळतात, समोर तहसीलला आलेल्या लोकांची गर्दी असते. फोनवर शेतकऱ्यांच्या शंकांना उत्तरे देतो, माहेरचे पाणी किती दिवस घालायचे, झाकण धरले तर काय करायचे. ओल्या गोणपाटाचा वास कपड्यांना येत नाही, हे घरी बायकोने आधी ओळखले. ती म्हणाली, तुम्ही कुठे जाऊन आलात ते आता कळतच नाही.

कळसला मी फोन करत नव्हतो. रोहिणीलाही करू नको म्हटले होते. काही व्हायचे तर सावकाश होईल, आणि नाही झाले तर ते ऐकायची मला घाई नव्हती. तात्या उतरत होते का, घसरत होते का, कासरा त्यांना काचत होता का, हे रोज संध्याकाळी त्यांच्या उतरायच्या वेळेला मनात यायचे आणि मी काहीतरी काम काढून बसायचो.

मागच्या महिन्यात फोन आला. कार्यालय बंद करून मी जिना उतरत होतो.

“भाऊ, रोहिणी बोलतेय, कळसवरनं. तात्या आज उतरले. कासरा न लावता.”

मी जिन्यावर थांबलो.

“पाय टेकला,” ती म्हणाली.

गाठ केवढी आहे, दोन्ही आल्या का एकच, पाण्याच्या वर किती, हे सगळे प्रश्न सवयीने माझ्या तोंडाशी आले. मी एकही विचारला नाही. पलीकडून तात्यांचा आवाज येत होता, काय म्हणत होते ते कळत नव्हते. रोहिणी त्यांच्याशी काही बोलली आणि पुन्हा फोनवर आली. तिला हसू आवरत नव्हते.

“तात्या म्हणत्यात, साहेबांना सांग, बघायला येऊ नका.”

मी म्हटले, त्यांना सांग, नाही येत.